आगबोटीला शिडे कशासाठी? ‘ग्रेट ब्रिटन’च्या कामकरी आयुष्याविषयी

जलमार्गी (धागाकर्ता)

ब्रिस्टलच्या कोरड्या गोदीत जपून ठेवलेली ‘एसएस ग्रेट ब्रिटन’ ही आगबोट इंग्लंडला जाऊन आलेल्या अनेकांनी पाहिली असेल. इझम्बार्ड किंग्डम ब्रुनेल यांनी तिचा आराखडा केला, १९ जुलै १८४३ रोजी प्रिन्स अल्बर्ट यांच्या उपस्थितीत ती पाण्यावर तरंगली, आणि ३२२ फूट लांबीची ती बोट तेव्हा जगातली सर्वांत मोठी होती. सबंध लोखंडी बांधणीची आणि बाजूच्या चाकांऐवजी पाण्याखालच्या पंख्याने चालणारी, महासागर ओलांडणारी ती पहिलीच आगबोट. एवढी माहिती कुठेही मिळते. तिने पुढे चाळीसएक वर्षे नेमके काय काम केले, याविषयी मात्र फार थोडे लिहिले जाते, आणि मला त्या कामाविषयी बोलायचे आहे.

ही बोट न्यूयॉर्कच्या फेऱ्यांसाठी बांधली होती. जुलै १८४५ मधली तिची पहिली फेरी पंधरा दिवसांच्या आत पूर्ण झाली. सप्टेंबर १८४६ मध्ये ती आयर्लंडच्या डंड्रम उपसागरात वाळूवर चढली आणि जवळजवळ वर्षभर तिथेच रुतून राहिली. त्या खर्चात मूळ कंपनी बुडाली. नव्या मालकांनी तिला ऑस्ट्रेलियाच्या मार्गावर घातले, आणि तिथून माझा प्रश्न सुरू होतो. १८५३ मध्ये तिच्यावर चौकोनी शिडांच्या तीन उंच, भक्कम डोलकाठ्या उभ्या राहिल्या. १८५७ मध्ये शिडांवर जाताना पंखा पाण्याबाहेर उचलून घेता यावा अशी सोय करण्यात आली. १८८२ मध्ये तर इंजिनच काढून टाकले आणि तिचे पूर्ण शिडाचे जहाज केले. वाफेच्या युगाची ही मानकरी टप्प्याटप्प्याने वाफेपासून थोडी थोडी दूर का गेली? मालक जुन्या वळणाचे होते म्हणून हे घडले, असे मला वाटत नाही. जाणकारांनी सविस्तर लिहावे.

खाडीकाठ

उत्तम विषय. वाचतो आहे.

बाष्पयंत्र

जलमार्गी, मी जहाजांच्या इंजिनरूममध्ये आयुष्य काढले आहे, म्हणून खालच्या मजल्यापासून सुरुवात करतो. ग्रेट ब्रिटनच्या पहिल्या बॉयलरांमध्ये वाफेचा दाब चौरस इंचाला जेमतेम पाच पौंड होता. दाब वाढवायचा म्हटले तरी वाढवता येत नव्हता, कारण बॉयलरमध्ये समुद्राचेच पाणी भरत असत. वापरून झालेली वाफ थंड करण्यासाठी तिच्यावर समुद्राचे पाणी फवारायचे आणि तेच मिश्रण पुन्हा बॉयलरमध्ये सोडायचे, अशी ती पद्धत होती. खारे पाणी सतत उकळले की मीठ साठते आणि पत्र्यावर क्षाराचा कठीण थर बसतो. म्हणून ठरावीक वेळाने गरम खारट पाणी समुद्रात सोडून द्यावे लागे, म्हणजे कोळसा जाळून मिळवलेली उष्णता समुद्राला दान करावी लागे. एवढे करूनही थर बसायचाच, आणि बंदरात बोट लागली की माणसे बॉयलरच्या आत उतरून तो ठोकून काढायची.

प्रवाशांना दिसायचा तो धुरांड्यातला धूर. त्या धुरासाठी खाली काय चालत असे ते सांगतो. भट्टीचे दार उघडल्यावर आगवाल्याला काही क्षणांत फावड्याने कोळसा सारखा पसरावा लागतो. एका जागी ढीग झाला तर तिथली आग कोंडते आणि दुसरीकडे जाळी उघडी पडून थंड हवा आत शिरते. काही तासांनी जाळीवर राखेचा वितळलेला चिकट गोळा जमतो. तो लांब लोखंडी सळईने उपटून, आकड्याने ओढून पायांपुढे काढायचा, त्यावर पाणी मारायचे, आणि त्या वाफेत उभे राहून उरलेली आग पुन्हा सारखी करायची. हे चालू असताना दाब उतरता कामा नये आणि बोट हेलकावे खात असतानाही हात चुकता कामा नये. कोळशाच्या कोठारातून भट्टीपर्यंत कोळसा ओढून आणणारी माणसे वेगळी. कोठार रिकामे होत जाते तसे त्यांचे अंतर वाढत जाते, म्हणजे प्रवासाच्या शेवटी, अंगातली ताकद संपलेली असताना, त्यांचे काम सर्वांत जड होते. आगबोटीचे कामकरी आयुष्य म्हणताना मला आधी ही माणसे आठवतात.

मेलबर्नकर

बाष्पयंत्र साहेबांनी खालच्या मजल्याचे सांगितले, मी नकाशाचे सांगतो. १८५१ मध्ये व्हिक्टोरिया प्रांतात सोने सापडले आणि इकडे येणाऱ्यांची रीघ लागली. ऑगस्ट १८५२ मध्ये ग्रेट ब्रिटन लिव्हरपूलहून सुमारे ६३० प्रवासी घेऊन मेलबर्नकडे निघाली. दक्षिण अटलांटिकमध्ये समोरच्या वाऱ्याशी झगडताना कोळसा संपत आला, आणि शेकडो मैल माघारी फिरून तिला सेंट हेलेना बेटावर कोळसा घ्यावा लागला. पुढे केप टाउन करून ती नोव्हेंबरमध्ये येथे पोहोचली. पुढच्याच वर्षी चौकोनी शिडांच्या उंच डोलकाठ्या बसल्या, यात मला तरी काही नवल वाटत नाही.

केप ऑफ गुड होप मागे टाकले की मेलबर्नपर्यंत हजारो मैल फक्त पाणी आहे. वाटेत कोळशाचे ठाणे नाही. त्या दक्षिण अक्षांशांत पश्चिमेचा वारा मात्र बारा महिने वाहतो, आणि असा जोराचा की बोटीला तो पाठीवर घेऊन आणतो. परतताना तोच वारा धरून केप हॉर्नला वळसा घालून इंग्लंड गाठायचे. म्हणजे प्रत्येक जाऊन-येऊन फेरीत बोट पृथ्वीप्रदक्षिणा करीत असे, आणि अशा ऑस्ट्रेलियाच्या ३२ फेऱ्या तिने केल्या. या मार्गावर इंजिनाचा उपयोग कुठे, तर विषुववृत्ताजवळ वारा पडतो तिथे आणि बंदरात शिरता-निघताना. फुकटचा वारा सोडून विकतचा कोळसा कोण जाळील?

आणखी एक गोष्ट सांगण्यासारखी आहे. त्या काळात मेलबर्नच्या हॉब्सन्स बेमध्ये नांगरलेल्या जहाजांवरचे खलाशी रातोरात पळून सोन्याच्या खाणींकडे जात आणि जहाजे माणसांवाचून अडकून पडत. परतीच्या मालात लोकर आणि सोने असे, पण तो माल न्यायला माणसे टिकवणे हे कप्तानाचे मोठे काम होते.

इतिहासवेडी

चर्चा चांगली चालली आहे, परंतु या बोटीच्या ‘नोकरी’त मुंबईचाही एक मुक्काम आहे आणि तो आपण मराठी वाचकांनी विसरू नये. १८५७ चा उठाव सुरू झाल्यावर इंग्लंडहून फौजा पाठवण्यासाठी सरकारने आगबोटी भाड्याने घेतल्या, त्यांत ही होती. ऑक्टोबरमध्ये आयर्लंडच्या कॉर्कहून १७ वी लान्सर्स ही घोडदळाची रेजिमेंट घेऊन ती निघाली आणि केपला वळसा घालून डिसेंबर १८५७ मध्ये मुंबईला लागली. सुएझचा कालवा अजून बारा वर्षे दूर होता. याच रेजिमेंटचे स्वार पुढच्या वर्षी मध्य हिंदुस्थानात तात्या टोपे यांच्या पाठलागावर होते. त्याआधी क्रिमियाच्या युद्धातही तिने हजारो सैनिक वाहून नेले होते.

बोटीच्या बांधणीचे कौतुक मलाही आहे, पण तिचे आयुष्य सांगताना ‘प्रवासी आणि माल’ एवढेच म्हटले तर तात्यांच्या मागे लागलेले ते स्वार कोणत्या सदरात बसवायचे?

शिडकाठी

इतिहासवेडी ताई, मुद्दा मान्य, पण बोटीला दोष देता येणार नाही. भाडे जिथे मिळेल तिथे ती गेली. सरकारी भाडे खात्रीचे होते आणि ऑस्ट्रेलियाच्या फेरीत खोल्या रिकाम्या राहण्याची जोखीम होती. मालकांनी व्यवहार पाहिला.

इतिहासवेडी

शिडकाठी, मी लोखंडाला दोष देत नाही. उलट तुमचे म्हणणेच मला पुढे न्यायचे आहे. शिडाच्या जहाजाने फौज नेमकी कधी पोहोचेल हे सांगता येत नसे. आगबोटीची खरी किंमत या खात्रीत होती, आणि ती किंमत प्रवाशापेक्षा साम्राज्य अधिक आनंदाने मोजत होते. टपालाची कंत्राटे आणि फौजेची भाडी नसती, तर कोळसाखाऊ बोटी चालवणे सुरुवातीच्या काळात फारच थोड्यांना परवडले असते. म्हणून हा विषय जलमार्गींच्या प्रश्नाबाहेरचा नाही.

मालवणी_तट

वर आगवाल्यांचा उल्लेख आला म्हणून लिहितो. ग्रेट ब्रिटनवरची माणसे लिव्हरपूलमध्ये भरती झालेली होती, पण त्याच राणीच्या राज्यात पी अँड ओ सारख्या कंपन्यांच्या पूर्वेकडच्या बोटी आपल्याच किनाऱ्याच्या जिवावर चालत होत्या. डेकवर रत्नागिरी आणि गुजरातच्या किनाऱ्यावरचे खलाशी, त्यांच्यावर टंडेल हा मुकादम आणि सर्वांवर सारंग हा प्रमुख. भट्ट्यांवर आधी आफ्रिकी वंशाचे सिद्दी आणि नंतर मोठ्या संख्येने पंजाबी व पठाण आगवाले. जेवणघरात आणि प्रवाशांच्या खोल्यांवर गोव्याची माणसे. भरती सारंगामार्फत होई, त्यामुळे एका गावची, एका वाडीची माणसे एकाच बोटीवर दिसत. त्यांचा पगार गोऱ्या खलाशापेक्षा फार कमी होता आणि झोपायला मिळणारी जागाही कमी. मुंबईत बोटीची वाट पाहताना गोव्याची मंडळी आपापल्या गावच्या कुडांमध्ये, म्हणजे सामाईक निवासांमध्ये, राहत. धोबी तलावाच्या परिसरातले कूड अनेकांना ठाऊक असतील.

माझ्या पणजोबांच्या पिढीतले आमच्या वाडीतले कितीतरी लोक ‘बोटीवर’ होते. घरी पैसे येत, माणूस मात्र वर्षानुवर्षे येत नसे. बोटीचा कप्तान आणि आराखडा करणारा यांची नावे पुस्तकांत राहतात. सारंगाचे नाव त्याच्या वाडीबाहेर कुणाला माहीत नसते, याचे मला मनापासून वाईट वाटते.

खाडीकाठ

मालवणी_तट यांच्या प्रतिसादाला पूर्ण अनुमोदन. कोकण किनाऱ्यावरच्या आगबोटींचेही थोडे सांगतो. अनेक बंदरांत बोट धक्क्याला लागतच नसे. ती खोल पाण्यात उभी राही आणि माणसे, पेट्या, आंब्याच्या करंड्या, कोंबड्या असे सगळे पडावातून तिच्यापर्यंत न्यावे लागे. लाटेवर पडाव वर येईल तो क्षण साधून शिडी पकडायची, आणि म्हाताऱ्यांना व लहान मुलांना खलाशांनी अक्षरशः उचलून घ्यायचे. पावसाळ्यात ही वाहतूक बंद असे. ‘बोट लागणे’, म्हणजे हेलकाव्यांनी होणारी मळमळ-ओकारी, ज्याने अनुभवली आहे त्याला मेलबर्नच्या साठ दिवसांच्या प्रवासाची कल्पनाही करवणार नाही.

जलमार्गी

सर्वांचे आभार. मेलबर्नच्या प्रवासाला साधारण साठ दिवस लागत, आणि खाडीकाठ यांनी विषय काढला आहे तर त्या साठ दिवसांविषयी थोडे लिहितो. पहिल्या वर्गाला दिवाणखान्यासारखे जेवणघर होते. ताज्या मांसासाठी मेंढ्या, डुकरे, बदके, कोंबड्या आणि दुधासाठी गाय, असा गोठाच डेकवर असे, आणि प्रवास पुढे सरकेल तसा तो रिकामा होत जाई. तिसऱ्या वर्गाच्या प्रवाशांना अरुंद फळ्यांचे बिछाने आणि मोजून मिळणारा शिधा. ब्रिस्टलला त्या बिछान्यांत मी आडवा होऊन पाहिले. खांदा फळीला टेकतो आणि कूस बदलायची तर शेजाऱ्याला जाग येईल इतकी जागा आहे. वादळात वरची दारे बंद केली की शेकडो माणसांनी त्या अंधारात, ओल्या कपड्यांच्या आणि ओकारीच्या वासात दिवस काढायचे. तरीही वाटेत वर्तमानपत्रे निघत, नाटके होत, मुले जन्मत आणि माणसे मरतही. १८६१ मध्ये इंग्लंडचा ऑस्ट्रेलियाला गेलेला पहिला क्रिकेट संघ याच बोटीने गेला आणि नाताळच्या आदल्या दिवशी मेलबर्नला उतरला.

जॉन ग्रे हे शेटलंड बेटांवरचे गृहस्थ १८५४ पासून अठरा वर्षे तिचे कप्तान होते, आणि प्रवाशांचा त्यांच्यावर एवढा विश्वास होता की त्यांचे नाव पाहून लोक तिकीट काढीत. नोव्हेंबर १८७२ मध्ये परतीच्या प्रवासात ते एका रात्री बोटीवरून नाहीसे झाले. सुमारे पंधरा हजार स्थलांतरितांना ऑस्ट्रेलियाला नेणाऱ्या बोटीची कीर्ती यंत्राइतकीच या माणसाची होती, असे माझे मत आहे.

शिडकाठी

माझे मत स्पष्टच सांगतो. ब्रुनेल यांनी काळाच्या फार पुढची बोट बांधली आणि तिला कधीच योग्य काम मिळाले नाही. अटलांटिकसाठी बांधलेली बोट ऑस्ट्रेलियाला धाडावी लागली, इंजिन बदलावे लागले, शिडे चढवावी लागली. याला यशस्वी आयुष्य म्हणता येईल का?

मेलबर्नकर

शिडकाठी, मी येथे असहमत आहे. बाकीच्या लाकडी बोटी असत्या तर डंड्रमच्या वाळूत एका हिवाळ्यात त्यांच्या फळ्या झाल्या असत्या. लोखंडी बांधणी टिकली म्हणूनच तिला दुसरे आणि तिसरे आयुष्य मिळाले. काम बदलत गेले तरी कामाला नाही म्हणाली नाही, हे अपयश कसे?

गोदीवाला

कोळशाच्या अडचणीचे मुंबईचे एक उदाहरण देतो, ते या बोटीच्या आधीचे आहे. ‘ह्यू लिंडसे’ ही ४११ टनांची आगबोट मुंबईत वाडियांनी बांधली आणि २० मार्च १८३० रोजी ती सुएझकडे निघाली. तिच्या कोठारात साडेपाच दिवसांचा कोळसा मावत होता आणि एडन होते अकरा दिवसांवर. म्हणून मालाच्या जागेत आणि राहण्याच्या खोल्यांतही कोळसा भरला, आणि बोट पाण्यात खोल दबलेल्या स्थितीत निघाली. तरीही एडनला पोहोचेपर्यंत कोळसा जवळपास संपला होता. प्रवासी आणि मालासाठी बांधलेली बोट स्वतःचाच कोळसा वाहते, ही त्या पिढीची मूळ अडचण होती.

यात भर अशी की एडनसारख्या ठाण्यांवर कोळसा येई तो इंग्लंडहून शिडाच्या जहाजांतून. आगबोटी शिडांच्या जिवावर जगत होत्या.

नवा_सभासद

गोदीवाला यांचे शेवटचे वाक्य वाचून थक्क झालो. मग शिडांची गरज संपली कधी?

बाष्पयंत्र

नवा_सभासद, तुमच्या प्रश्नातच जलमार्गींच्या मूळ प्रश्नाचे उत्तर आहे. मी वर म्हटले की खाऱ्या पाण्यामुळे दाब वाढवता येत नव्हता. पुढे वापरलेली वाफ नळ्यांमध्ये थंड करून तेच गोडे पाणी पुन्हा पुन्हा वापरण्याची पद्धत रुळली आणि दाबाची दारे उघडली. आल्फ्रेड होल्ट यांनी १८६६ मध्ये चौरस इंचाला ६० पौंड दाबाचे, तीच वाफ दोनदा कामाला लावणारे इंजिन ‘अ‍ॅगामेम्नॉन’ या मालवाहू आगबोटीत घातले. ती लिव्हरपूलहून निघाली आणि वाटेत कुठेही कोळसा न घेता मॉरिशसपर्यंत, म्हणजे ८,५०० मैल गेली. १८६९ मध्ये सुएझ कालवा उघडला आणि पूर्वेचा मार्ग आगबोटींना खुला झाला. तांबड्या समुद्रातले वारे शिडांना सोयीचे नसल्याने त्या मार्गाचा शिडाच्या जहाजांना उपयोग नव्हता.

ऑस्ट्रेलियाचा मार्ग मात्र शिडांनी आणखी काही वर्षे राखला. मग तीच वाफ तीन सिलिंडरांतून क्रमाने वापरणारे, १२५ पौंड दाबाचे इंजिन ‘अ‍ॅबर्डीन’ या बोटीत आले. केप टाउनला एकदाच कोळसा घेऊन, पोटात मोठा माल घेऊन ती प्लिमथहून ४२ दिवसांत मेलबर्नला पोहोचली. जुन्या इंजिनांना दर अश्वशक्तीमागे तासाला चार पौंडांच्या आसपास कोळसा लागे, हिला दोन पौंडांहूनही कमी लागला. हे साल होते १८८२, ज्या साली ग्रेट ब्रिटनचे इंजिन निघाले तेच. तेव्हा जलमार्गी, तिचे मालक वाफेकडे पाठ फिरवत नव्हते. तिचे मागाहून बदललेले इंजिनही तीस वर्षांचे होते आणि नव्या इंजिनाच्या दुप्पट कोळसा खाणारे होते. त्या इंजिनासह ती नव्या आगबोटींपुढे टिकली नसती. ते काढल्यावर मात्र लोखंडी पोटात भरपूर जागा असलेले, बिनकोळशाचे एक स्वस्त मालवाहू जहाज हाती आले.

नवा_सभासद

आणि त्या रिकाम्या पोटात माल कोणता भरला?

गोदीवाला

कोळसा. वेल्सचा कोळसा भरून ती केप हॉर्नमार्गे सॅन फ्रान्सिस्कोला जाई आणि येताना गहू आणी. पाण्याच्या पातळीजवळ पत्र्यावर बाहेरून लाकडाचे आच्छादनही घातले होते. फेब्रुवारी १८८६ मध्ये पेनार्थहून पनामासाठी कोळसा घेऊन ती निघाली. वाटेत आग लागली, केप हॉर्नच्या वादळात मोडतोड झाली आणि तिने फॉकलंड बेटांवरच्या स्टॅन्लीचा आसरा घेतला. दुरुस्ती परवडणारी नव्हती म्हणून ती तिथेच विकली गेली आणि लोकर व कोळसा साठवायचे तरंगते गोदाम म्हणून अनेक दशके कामाला आली. १९३७ मध्ये तिला स्पॅरो कोव्हमध्ये नेऊन बुडवले, आणि १९७० मध्ये तिथून उचलून तरंगत्या तराफ्यावर ब्रिस्टलला आणले.

इतिहासवेडी

बाष्पयंत्र साहेबांचा प्रतिसाद वाचनखुणेत साठवला. १८८२ चा जुळलेला धागा मला ठाऊक नव्हता. जलमार्गी, ब्रिस्टलच्या प्रदर्शनात १८५७ च्या मुंबई फेरीविषयी काय लिहिले आहे, ते पुढच्या वेळी तिथे जाल तेव्हा आवर्जून पाहा आणि येथे कळवा.

जलमार्गी

इतिहासवेडी ताई, नक्की पाहीन. बाष्पयंत्र साहेब आणि गोदीवाला, तुम्ही दोघांनी मिळून उत्तर दिलेत आणि ते मला पटले. एका बाबतीत मात्र मी तुमच्यापेक्षा थोडा वेगळा विचार करतो. शिडे ही मार्गाची गरज होती आणि इंजिन काढणे ही कोळशाच्या हिशेबाची गरज होती, हे खरे. परंतु पहिल्या तीस वर्षांत इंजिन होते म्हणूनच ‘साधारण साठ दिवस’ असे तिकीट विकताना सांगता आले. वारा पडला तरी बोट थांबणार नाही, या भरवशावर कुटुंबेच्या कुटुंबे घरदार विकून तिच्यावर चढली. जळालेला कोळसा त्या भरवशाची किंमत होता, आणि तो वाया गेला असे मी म्हणणार नाही. मालवणी_तट, सारंग आणि आगवाल्यांवर वेगळा धागा तुम्हीच काढावा अशी विनंती करतो. वाडीतल्या वडीलधाऱ्यांकडे जुनी नल्ली-पुस्तके (खलाशांच्या बोटीवरील नोकरीची नोंदपुस्तके) किंवा पत्रे असतील तर ती आताच पाहून घ्या.

मालवणी_तट

नल्ली-पुस्तके नंतरच्या पिढीची आहेत, पण काही घरांत जपलेली आहेत. गणपतीला गावी जाईन तेव्हा विचारतो आणि धागा काढतो.